चार दिवसांचा हौद

ता. ३ फेब्रुवारी १९९८, मंगळवार

धाकटे,

अक्षर ओळखलंच असशील. चौथी नापास बाईचं अक्षर बदलायचं तर मध्ये काहीतरी शिकावं लागतं, ते मी शिकले नाही. पाकीट फाडलंस, अर्धं काम झालं. आता निदान पान उलटेपर्यंत तरी केराच्या डब्यात टाकू नकोस.

बातमी अशी की तुझे भावोजी मोठे झाले. मेल्यावर नऊ वर्षांनी झाले, पण झाले. माझ्या थोरल्याची मुलगी सिनेमाच्या कॉलेजात शिकते. असं कॉलेज असतं म्हणे! आपण सिनेमाला गेलो की मार खायचो, ह्या पोरी नाही गेल्या तर नापास होतात. तर तिला एका बंद पडलेल्या स्टुडिओच्या गोदामात पत्र्याचे डबे सापडले. गंजलेले, पालींनी अंडी घातलेले. उघडले तर आत तिच्या आजोबांची पिक्चरं! सत्तेचाळीस लिहिली होती त्यांनी, त्यातली अकरा निघाली. पोरगी धावत आली, माझ्या गळ्यात पडून रडली. मी म्हटलं, "अगं, ती बघून लोक हसायचे, तू कशाला रडतेस?"

मग तिचे सर आले घरी. दाढीवाले. चांगले आहेत बिचारे, चहात तीन चमचे साखर घेतात. माझ्यासमोर टेप ठेवला आणि म्हणाले, "आजी, त्यांच्या पिक्चरमध्ये मुकी माणसं फार आहेत. राजवाड्यातले पहारेकरी मुके, जंगलातली टोळी मुकी, चंद्रावरचे लोक तर सगळेच मुके. हे मौन त्यांना कुठून सुचलं?"

मी म्हटलं, "अहो, बोलणाऱ्या माणसाला दुप्पट द्यावे लागायचे!"

"आजी!" पोरगी ओरडली. पण दाढीवाले इतके हसले की चष्मा काढून पुसावा लागला. म्हणाले, हे लिहूनच घेतो. घ्या म्हटलं. मला काय, एवढं मन लावून माझं कोणी ऐकलं होतं कधी? दोन तास बडबडले. हे कोर्टाच्या दारात बसून लोकांचे अर्ज लिहायचे ते सांगितलं. दुसऱ्याचं दुखणं एका पानात बसवायची सवय त्यांना तिथेच लागली. तिथेच एकदा एका छोट्या पिक्चर कंपनीचे मालक कागद करायला आले, ह्यांचा अर्ज वाचून डोळे पुसले आणि म्हणाले, "पिक्चर लिहाल का? माझ्याकडे अस्वलाचं कातडं आहे." झालं! त्या कातड्यावर सहा पिक्चरं निघाली. शेवटी पाठीवर उसवलं, म्हणून सहाव्यात अस्वल नेहमी समोरूनच येतं. जाताना दिसत नाही. बघ हवं तर.

आणि सेटचं सांगितलं. मोठ्या कंपन्या राजवाडे बांधायच्या, त्यांचं काम झालं की मोडायच्या. मधले दोन-चार दिवस आमचे मालक हातापाया पडून मागून घ्यायचे. मग खाली वाण्याच्या फोनवर निरोप, "तुरुंग उभा आहे शनिवारपर्यंत." की हे बसले तुरुंगाची गोष्ट लिहायला. लोक आधी संसार मांडतात, मग घर बांधतात. ह्यांना घर आधी मिळायचं, माणसं मागून शोधायची. स्वयंपाकघरात माझ्यासमोर स्टूल घेऊन, उन्हाळ्यात पाय बादलीत सोडून लिहायचे आणि वाचून दाखवायचे. मी भाजी चिरत असायचे. ऐकताना माझी सुरी थांबली की म्हणायचे, "जमलं." नाही थांबली की पान उलटं करून मागच्या बाजूवर पुन्हा. त्या घरातल्या सगळ्या भाज्या भुतांच्या तालावर चिरलेल्या आहेत, धाकटे.

तर एकवीस मार्चला मोठ्या हॉलमध्ये त्यांची तीन पिक्चरं दाखवणार आहेत. मला स्टेजवर बोलावणार, पुस्तिका छापणार, त्यात माझी मुलाखत. मी नवी चप्पल घेतली.

तू यावंस असं वाटतं. तिन्हींतलं मधलं पिक्चर ते हौदाचं आहे, आधीच सांगते. तेवढा वेळ बाहेर बसता येईल, बाकडी आहेत. एकेचाळीस वर्षं झाली गं. ह्यांनी माझ्या पेटीतलं तुझं पत्र चोरून वाचलं, त्यातून ते पिक्चर झालं. ती त्यांची चूक. तुझ्या दारात येऊन त्यांनी कबूल पण केलं. गेलेल्या माणसावर किती दिवस राग धरायचा? आणि माझ्याशी का अबोला? मी काय केलं होतं?

गुडघे कसे आहेत? माझा डावा गेला.

तुझी ताई


ता. १७ फेब्रुवारी, मंगळवार

धाकटे,

तुझं कार्ड आलं. पोस्टमन म्हणाला, "आजी, दोनच ओळी आहेत, वाचून दाखवू?" मी हिसकावून घेतलं. म्हातारीच्या हातात एवढा जोर बघून तो घाबरला.

"पत्रात मी ते कधीच लिहिलं नव्हतं. शेवटी त्या आईचं काय होतं?"

चार दिवस झाले, कार्ड पिठाच्या डब्याखाली ठेवलंय. रोज काढून वाचते, परत ठेवते. काल आमटी करपली. सूनबाई म्हणाली, "आई, लक्ष कुठे आहे?" मी म्हटलं, वय झालं. वयावर काहीही खपतं.

म्हणजे तुला पहिल्यापासून माहीत होतं. हे तुझ्या दारात उभे राहून "पत्र वाचलं" म्हणाले, तेव्हाच तुला कळलं की हा माणूस खोटं बोलतोय. आणि एकेचाळीस वर्षं तू वाट बघितलीस, ही ताई कधी तोंड उघडते.

मग ऐक.

तुझी छकुली गेल्यावर तू सगळ्यांना सांगितलंस की तू पुढच्या दाराशी दूधवाल्याशी बोलत होतीस आणि ती मागच्या अंगणात धुण्याच्या हौदात पडली. तुझ्या नवऱ्याला तेच सांगितलंस, सासूला तेच. दोन महिन्यांनी माझ्याकडे आलीस, भर दुपारी. स्वयंपाकघरातल्या फरशीवर बसलीस आणि खरं ते मला सांगितलंस. की तू झोपली होतीस. की झोपेत "आई" अशी हाक आली, दोनदा आली, तुला ती स्वप्नातली वाटली आणि तू कूस बदललीस. बाहेर कोणी नव्हतं, दूधवालाही नाही. मी तुझा हात धरून म्हटलं होतं, "हे माझ्या पोटात राहील."

दोन वर्षं राहिलं.

मग एका सोमवारी फोन आला. कुठल्याशा मोठ्या पिक्चरसाठी अंगण बांधलं होतं, मध्ये खराखुरा हौद, पाण्यानं भरलेला. गुरुवारपर्यंत आपला. मालक म्हणाले, "हौद आहे, भूत काढा." ह्यांनी सकाळपासून लिहिलं आणि फाडलं. हौदातून राक्षस आला, मी गाजर चिरत राहिले. हौदातून हडळ आली, गाजर संपून कांदे घेतले. हे चिडून म्हणाले, "तुला भीती कशाची वाटते ते तरी सांग!" दोन वाजले होते. संध्याकाळपर्यंत पानं गेली नाहीत तर पिक्चर दुसऱ्या लेखकाकडे जाणार, एवढं मला माहीत होतं. घरात दोन पोरं लहान. हे सगळं खरं आहे, पण त्याच्यामागे लपत नाही मी. पिक्चर गेलं असतं तर आम्ही मेलो नसतो.

मी म्हटलं, "हौदातून मूल आलं तर?"

ते म्हणाले, "मग?"

मी म्हटलं, "ते मारत नाही, ओरडत नाही. नुसतं ओलं उभं राहतं आणि म्हणतं, आई, मी दोनदा हाक मारली. तू कूस बदललीस."

धाकटे, माझी सुरी थांबली नव्हती. त्यांचा हात थांबला. माझ्याकडे बघत राहिले. म्हणाले, "हे कुठलं?" मी म्हटलं, सुचलं. त्यांनी विश्वास ठेवला नाही. कोर्टाच्या दारात इतकी वर्षं बसलेल्या माणसाला सुचलेलं आणि घडलेलं ओळखता येतं. पुन्हा विचारलं, "कोणाचं आहे?" मग मी सांगितलं. ते म्हणाले, "नको." मीच म्हटलं, "लिहा. ती थोडीच बघायला येणार आहे भुताचं पिक्चर!"

आणि पहिल्या खेळाला तुम्हा दोघांना पास कोणी पाठवले? मीच. ते आठवलं की अजून अंगाचा चोळामोळा होतो. पास दारात आले की सगळ्यांना वाटायचे, तशी माझी सवय. शाळेच्या बाईंना, वाण्याला, तुला. हौदाचे आले तसे वाटून टाकले. हात चालला, डोकं चाललं नाही. थिएटरच्या दारात तू दिसलीस तेव्हा डोकं जागेवर आलं, पण तेव्हासुद्धा मनात म्हटलं, एवढ्याशा वाक्यावरून काय कळतंय.

ते वाक्य आलं. तुझ्या नवऱ्यानं मान वळवून तुझ्याकडे बघितलं, ते मी तुझ्या ह्या बाजूला बसून बघितलं. तू उठून गेलीस. मला वाटलं, पाणी प्यायला गेलीस. त्या वर्षाच्या आत तू एकटी राहायला लागलीस.

ह्यांना दुसऱ्या दिवशी तुझ्याकडे मीच पाठवलं. "पत्र वाचलं म्हणून सांगा. तुम्ही परके आहात, तुम्हाला ती कधीतरी माफ करेल. मला करणार नाही." ते गेले. नवऱ्याच्या जातीला नावं ठेवत असतो ना आपण? हा माणूस माझं पाप डोक्यावर घेऊन तुझ्या पायरीवर उभा राहिला, शिव्या खाऊन आला आणि घरी येऊन जेवला. त्यानंतर त्यांनी एकोणीस पिक्चरं लिहिली. एकही मला वाचून दाखवलं नाही. स्टूल माळ्यावर गेलं, हे समोरच्या हॉटेलात कोपऱ्यातल्या टेबलावर लिहायला लागले. मी विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही.

शेवटचं विचारलंस ना, त्या आईचं काय होतं? सांगते. ती आई हौदाशी येते. मूल बाहेर येऊन तिच्याजवळ बसतं आणि म्हणतं, "आई, तू दमली आहेस. तू झोप, मी जागी आहे." आई त्याच्या मांडीवर डोकं ठेवून झोपते. संपतं. लोक रडत बाहेर पडले.

बघ, तू थांबायला हवं होतंस.

ताई


ता. १८ फेब्रुवारी, बुधवार

धाकटे,

कालचं पाकीट दुपारी पोस्टाच्या पेटीत पडलं. आज सकाळी आठला मी जाऊन पेटीपाशी उभी राहिले. पोस्टमन आला, म्हटलं, बाबा, माझं पत्र परत दे. तो म्हणाला, "आजी, ते कालच्या पाचच्या गाडीनं गेलं. काही राहिलं का त्यात लिहायचं?"

राहिलं. कालच्या पत्रातला शेवट खोटा आहे.

म्हणजे तसा शेवट ह्यांनी लिहिला होता. खरंच लिहिला होता, पान मी पाहिलंय, लाल शाईनं आडवी रेघ मारलेलं. बुधवारी सेटवर मालकांनी ते वाचलं आणि म्हणाले, "लोक भूत बघायला येतात, अंगाई ऐकायला नाही." हे भांडले. कधी नाही ते भांडले. मालक म्हणाले, "गुरुवारी चार वाजता हौद फुटणार आहे. दोन शेवट काढायला वेळ नाही. बुडवा बाईला." ह्यांनी तिथेच पाच ओळी लिहून दिल्या. हौदातून हात येतो, आईचे केस धरतो, ओढतो. बाई बुडते. पाणी हलायचं थांबतं. वर अक्षरं येतात.

खरा शेवट हा. तुझ्यापुढे गोड करून ठेवावा असं वाटलं. तू तो खरा मानलास तर निदान एक रात्र बरी झोपशील, असं मनाशी म्हटलं. तेही खोटंच. मला वाटलं, तू मऊ होशील आणि एकवीस तारखेला येशील. पुन्हा तुझ्याच दुखण्यातून माझं काम साधत होते. खोड काही जात नाही.

आता मुलाखतीचं. त्यातलं एक तुला मी दोन्ही पत्रांत सांगितलेलं नाही. दाढीवाल्यांनी विचारलं होतं, "हौदातल्या मुलाचं ते वाक्य! तसं वाक्य त्या काळात कोणीच लिहिलं नाही. ते त्यांना कसं सुचलं?" आणि धाकटे, मी ताठ बसले आणि म्हटलं, "ते मी सांगितलं." टेपमध्ये आहे. म्हटलं, भाजी चिरता चिरता सुचलं. दाढीवाले उठून माझ्या पाया पडायला आले. म्हणून ते पुस्तिका, स्टेज, नवी चप्पल. ह्यांच्यासाठी दहा मिनिटं होती, माझ्यासाठी अर्धा तास ठेवला होता. मला किती आनंद झाला म्हणून सांगू! आठवडाभर घरात गाणी म्हणत होते. सूनबाईला वाटलं, डोक्यावर परिणाम झाला.

काल रात्री जेवताना पोरीला म्हटलं, "माझ्या मुलाखतीतलं ते हौदाचं पुसून टाक."

"का? आजी, तीच तर सगळ्यात भारी गोष्ट आहे. न शिकलेली बाई, स्वयंपाकघरात बसून..."

"ती माझी नव्हती."

"मग कोणाची?"

"तुझ्या मावशीआजीची."

"ती पण लिहायची?"

"नाही गं," मी म्हटलं. "तिच्यावर आलं होतं."

मग सगळं सांगितलं. घास हातात धरून ऐकत होती. माझा मुलगा उठून बाहेर गेला. त्याला छकुली आठवते, दोघं बरोबरीची. पोरीनं घास ताटात परत ठेवला. मग म्हणाली, "आजी, आजोबांनी तुझ्यासाठी एवढं केलं, आणि तू टेपवर त्यांचं उरलंसुरलं पण घेतलंस?" तरण्या पोरी फार स्पष्ट बोलतात आताच्या. खोटं बोलली असं नाही.

मग तिनं विचारलं, "ते पिक्चर दाखवायचं नाही का?"

मी म्हटलं, "मला विचारू नकोस. एकदा मी तिच्या वतीनं बोलले, बास झालं. तिला विचार."

सकाळी तिनं दाढीवाल्यांना फोन केला. ते नाराज झाले. पुस्तिका छापायला गेली होती, ती थांबवली. माझं पान काढलं, स्टेज रद्द केलं. ते मीच सांगितलं. हौदाचा डबा पोरीनं कपाटात ठेवून किल्ली वेगळी केली. तू हो म्हणेपर्यंत उघडायचा नाही, आणि नाही म्हणालीस तर तू असेपर्यंत आणि तुझ्यानंतरही नाही. तसं तिनं कबूल केलंय. ती तुला वेगळं पत्र लिहील. तिला उत्तर दे. माझ्यावरचा राग तिच्यावर काढू नकोस, ती चांगली पोर आहे, तोंडाची फाटकी आहे एवढंच. तुझ्यासारखी.

आता एकच उरलं. हे लिहायला सकाळपासून तीनदा बसले आणि तीनदा उठून काही ना काही केलं. तांदूळ निवडले. कपाट पुसलं.

काल लिहिलं ना, तू उठून गेलीस तेव्हा मला वाटलं पाणी प्यायला गेलीस? तसं मला वाटलं नव्हतं. मला कळलं होतं. तुझा नवरा तुझ्या मागोमाग उठला नाही, तेव्हाच मी उठायला हवं होतं, हेही कळलं होतं. पण त्या वाक्यावर सगळं थिएटर गप्प झालं होतं. सहाशे माणसं, धाकटे. खोकला नाही, पोराचं रडणं नाही. मागे कोणीतरी बाई "अगं आई गं" म्हणाली. आणि ते वाक्य माझ्या तोंडून निघालं होतं. जन्मात माझ्या बोलण्यानं एक माणूस गप्प झाला नव्हता. पुढे काय होतं ते मला माहीत होतं, तरी लोकांचं काय होतं ते मला बघायचं होतं. बाई बुडाली तेव्हा टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या.

आणि त्याच्या आधी, तू आमच्या रांगेतून बाहेर पडताना अंधारात माझ्या गुडघ्याला धरून पुढे गेलीस. मी पाय आवरून तुला वाट दिली. तू क्षणभर माझ्यासमोर थांबली होतीस. मी वर बघेन म्हणून थांबली असशील. तुझ्यामुळे पडदा दिसत नव्हता, म्हणून मी मान तिरकी केली.

ताई